तळव्याची जागा

आमच्या घरात एकतीस वर्षांत थर्मामीटर आला नाही, कारण घरात तळवा होता.

तळवा म्हणजे आमचे हे. मोटारींच्या कारखान्यात सगळे त्यांना याच नावाने हाक मारतात. खरं नाव फक्त हजेरीपटाला माहीत. काम असं की गाडीचा पत्रा जोडून, घासून झाला की रंगाला जायच्या आधी हे त्यावरून हात फिरवणार. रंग नसलेला पत्रा इतका चकाकतो की त्यावरचा बारीक पोचा डोळ्यांना दिसत नाही. रंग चढला की मात्र तोच पोचा शंभर पावलांवरून दिसतो, आणि तेव्हा फार उशीर झालेला असतो. म्हणून हातात पातळ सुती मोजा घालायचा, डोळे जवळजवळ मिटायचे आणि बॉनेटपासून मागच्या दिव्यापर्यंत तळवा सरकवत न्यायचा. हात कुठे अडला की मेणाच्या पेन्सिलीने तिथे गोल करायचा. शोधायचं डाव्याने, खूण करायची उजव्याने. उजवा हात कामाने राठ होतो, डावा मऊ राहतो, असं त्यांच्या उस्तादाने शिकवलेलं. यांच्या हाताखालून पोचा गेला असं कारखान्यात कुणी कधी म्हटलं नाही.

मी त्याच कारखान्यात सीटच्या शिलाईला. आमचं जमलं ते कँटीनच्या रांगेत. यांनी माझ्या हातातल्या ताटाला खालून हात लावला, "याला पोचा आहे" म्हणाले, आणि स्वतःचं ताट मला देऊन माझं घेतलं. याला प्रेम म्हणतात हे माझ्या डोक्यात शिरायला सहा महिने लागले. त्यांना तर अजूनही कळलंय की नाही देव जाणे.

त्या काळी आमच्या गाडीला देशाची गाडी म्हणायचे. नाव नोंदवलं की माणसं वर्षानुवर्षं वाट बघायची. टॅक्सी तीच, डॉक्टरांची तीच, मंत्र्यांचीही तीच, फक्त काळी. सुट्टी झाली की चार हजार माणसं फाटकातून बाहेर पडायची आणि रस्त्यावरच्या दुकानांत दिवे लागायचे. मग बाहेरच्या गाड्यांवरचा कर उतरला आणि रस्त्यावर तऱ्हेतऱ्हेच्या गाड्या दिसायला लागल्या. आमच्या साहेबांनी आधी इंजिन बाहेरून आणलं, मग दिवे, मग काचा. चार हजारांचे साडेतीनशे उरले. टीव्हीवर कोट घातलेली चार माणसं रोज संध्याकाळी बसतात आणि एकमेकांना विचारतात, देशाचा मोटार उद्योग कुठे चाललाय? मला विचारा. तो कुठेही चाललेला नाही. तो खोक्यांत बसून येतोय, आम्ही खोकी फोडतो.

या वर्षी नवा परदेशी भागीदार आला आणि माझ्या खात्याच्या फळ्यावर दोन ओळींची नोटीस लागली. सीट आता शिवून, भरून, तयारच येणार. शिलाईखातं पुढच्या महिनाअखेर बंद. बत्तीस वर्षांचं काम दोन ओळींत आटोपलं, त्यातही एक ओळ आभाराची होती. घरी येऊन मी भांडी जरा जोरात घासली, एवढंच. कारण मनात होतं की यांचं काम आहे. हात कुठल्या खोक्यातून येणार?

ताप आला तो त्याच आठवड्यातल्या रविवारी.

आमची लेक मोबाइलच्या दुकानात कामाला आहे. तिला रविवारीही सुट्टी नसते, म्हणून चार वर्षांची पिटुकली त्या दिवशी आमच्याकडे असते. दुपारी ती कधी नव्हे ते गप्प पडून राहिली. मी यांना म्हटलं, बघा हो जरा. यांनी नेहमीसारखा डावा तळवा तिच्या कपाळावर ठेवला, क्षणभर थांबले आणि म्हणाले, "गार आहे. खेळून दमलीय." यांनी गार म्हटलं म्हणजे गार. मी हात लावूनही पाहिलं नाही. लेकीच्या वेळीही कधी पाहिलं नव्हतं.

संध्याकाळी लेक आली. तिने पोरीला उचललं आणि तिचा चेहराच बदलला.

"आई, ही भाजतेय."

डॉक्टरांकडे नेलं तर एकशे तीन ताप. औषध मिळालं, दोन दिवसांत पिटुकली पलंगावर उड्या मारायला लागली, सगळं ठीक झालं. पण त्या संध्याकाळी डॉक्टरांकडून परत आल्यावर लेक म्हणाली, "या घरात साधा थर्मामीटर नाही?" ती मला विचारत होती आणि बघत होती बाबांकडे. हे उठून स्वयंपाकघरात गेले.

मी मागोमाग गेले. हे ओट्याशी पाठमोरे उभे होते आणि चहाच्या उकळत्या किटलीला त्यांनी डावा तळवा चिकटवला होता. मी हात ओढून काढला. तळवा लालभडक झालेला.

"वेड लागलंय का तुम्हाला?"

"कळलं नाही गं," ते म्हणाले. "आत्ता थोडं कळतंय. पण चटका म्हणून नाही."

"कधीपासून?"

"थंडीपासून."

थंडी जाऊन चार महिने झाले होते. हा माणूस चार महिने माझ्या शेजारी झोपत होता आणि मूग गिळून गप्प होता. मी खूप बोलले. नळाखाली त्यांचा हात धरून ठेवला आणि बोलत राहिले. ते ऐकत होते की नाही कुणास ठाऊक. माझं संपल्यावर म्हणाले, "पोरीचा ताप सुटला माझ्या हातून. पत्रे किती सुटले असतील?"

नव्या लाइनसाठी रंगखातं थंडीपासूनच बंद होतं, यांनी पास केलेल्या बॉड्या मागच्या आवारात रंगाविना उभ्या होत्या. मी हात पुसला, मलम लावलं.

डॉक्टरांनी सांगितलं की तरुणपणी सहा वर्षं घासायचं मशीन चालवलं, त्याने नसा थकल्या, वरून साखर आहे. डावा हात गेला. उजव्यात अजून थोडं आहे. गेलेलं परत यायचं नाही, आहे ते सांभाळा. दुसऱ्या दिवशी यांनी मुकादमाला मनगट मुरगळल्याचं सांगितलं आणि पत्र्याच्या सांध्यांत लुकण, म्हणजे पुट्टी, भरायचं काम मागून घेतलं. उभ्या जन्मात त्यांनी खोटं बोललेलं मी तेवढंच ऐकलं.

आणि आठ दिवसांत दुसरी नोटीस लागली. म्हणतात ना, घर फिरलं की वासेही फिरतात. नव्या लाइनवर पत्र्याची तपासणी कॅमेरे करणार होते. पण उघड्या पत्र्याच्या चकाकीत कॅमेराही फसतो, म्हणून त्याच्या जोडीला एक माणूस ठेवणार होते. जागा एक. तीन आठवड्यांनी परीक्षा. हाताने तपासून दाखवायचं, ज्याचा हात पक्का तो राहणार. एवढं वाचून मी निघाले. खाली बारीक अक्षरांत आणखी काहीबाही होतं, ते मी वाचलं नाही. एक जागा, आणि ती यांची, एवढंच माझ्या डोक्यात बसलं. मी घरी जाणारच होते. यांनाही घरी बसवलं तर? मला पैशापेक्षा वेगळीच भीती होती. शिलाई गेली तर मी दुसरं काही शिवेन. पण ज्या माणसाला पडद्यालाही हात लावून बघितल्याशिवाय बरं वाटत नाही, तो दिवसभर खुर्चीत बसून काय करणार?

"उजव्याने करा," मी म्हटलं. "शिकवू आपण त्याला."

"तीन आठवड्यांत?"

"मला शिलाई आठ दिवसांत आली होती."

"ती बघितलीय मी," ते म्हणाले. ते हसले, तेवढ्यावर मी माफ केलं.

मग रोज संध्याकाळी जेवणाआधी स्वयंपाकघरातल्या टेबलावर आमची शाळा भरायची. मी खात्यातून सीटच्या कापडाचे तुकडे आणले होते. टेबलावर एक दोरा आडवा ठेवायचा, त्यावर कापड पसरायचं, आणि यांनी डोळे मिटून उजव्या तळव्याने दोरा कुठे आहे ते सांगायचं. जमलं की कापडाचा आणखी एक थर. एका थराखाली त्यांना सापडायचा. दोन थरांखाली कधी सापडायचा, कधी नाही. तिसऱ्या थराला ते माझ्या चेहऱ्याचा अंदाज घ्यायचे. डोळे किलकिले करून बघायचे चोरून, एखाद्या पोरासारखे.

एकदा मला राहवलं नाही. मी दोऱ्याच्या जागी गोणी शिवायची सुतळी ठेवली. तीन थरांखाली त्यांचा हात लगेच थांबला. मला इतका आनंद झाला की आपणच लबाडी केलीय हे विसरून गेले.

"हा सीटचा दोरा नाही," ते म्हणाले. "याने बैल बांधता येईल."

"सापडला ना पण?"

"अगं, पोच्याला असं सांगता येतं का, की आमच्या यांचा हात बरा नाही, जरा मोठा हो म्हणून?"

त्या संध्याकाळी त्यांनी कापडं गोळा केली आणि मला म्हणाले, "आता तू बस. मी ठेवतो. डोळे मीट."

मला वाटलं, दमलेत, जरा गंमत करतायत. मी बसले. एक थर, दोन थर, तीन. मला दोरा स्वच्छ कळत होता. त्यात काय एवढं? बत्तीस वर्षं मी कापडाखालची शिवण हाताने चाचपत आले. फोमची घडी आत दुमडली असेल तर वरून कळावी लागते, नाहीतर गिऱ्हाईक महिन्याभरात पाठ धरून येतं. पाच थर झाले, सहा झाले. सातव्याला मी चुकले. डोळे उघडले तर हे माझ्याकडे बघतच बसले होते.

"काय झालं?" मी विचारलं.

"काही नाही. जेवायला वाढ."

दुसऱ्या दिवशी ते भंगारातून टपाच्या पत्र्याचा मोठा तुकडा घेऊन आले. त्याला त्यांनी मागून अंगठ्याने दाबून नाजूक पोचे पाडले होते. म्हणाले, "मी करतो, तूही कर. दोघं असलो की कंटाळा येत नाही." मला पटलं. एकतीस वर्षांत यांनी मला त्यांच्या कामातलं काही शिकवलं नव्हतं आणि मीही विचारलं नव्हतं. तर आता हे मागे उभे राहून माझं मनगट धरायचे आणि हात पत्र्यावरून न्यायचे.

"दाबू नकोस. पिटुकली झोपलीय आणि तू तिच्या पाठीवरून हात फिरवतेयस, इतकंच."

"बोटांनी शोधू नकोस. बोटं भोचक असतात, नसलेलंही शोधून काढतात. तळव्याने जा."

"अडलं की मागे जाऊ नकोस. पुढे जा, मग परत ये. दोन्ही वेळेला अडलं तरच पोचा."

खरं सांगते, मला ते फार आवडायला लागलं होतं. दिवसभर आमच्या खात्यात मशीन मोजून बांधायचं काम चाललेलं, बायका एकमेकींकडे न बघता डबा खायच्या, आणि संध्याकाळी मात्र माझ्या मनगटावर यांचा हात असायचा. या वयात नवऱ्याने असा हात धरला की बाई जरा बावळटच होते. त्यांचा स्वतःचा सराव कमी कमी होत गेला हे माझ्या लक्षात यायला हवं होतं. शेवटच्या आठवड्यात तर त्यांनी पत्र्याला हातही लावला नाही. मी विचारलं की म्हणायचे, "हाताला विश्रांती देतोय." मला वाटलं, असेल काहीतरी यांचं शास्त्र.

परीक्षा शनिवारी सकाळी, बॉडीखात्यात. मी यांच्यासोबत गेले, बघायला म्हणून. नव्या लाइनवरचे पिवळे यंत्रहात अजून प्लॅस्टिकात गुंडाळलेले होते. मधे एका चौथऱ्यावर रंग न दिलेली बॉडी उभी. तपासणीच्या तरुण बाई, जाड चष्म्याच्या, कागद घेऊन उभ्या होत्या. शेजारी भागीदार कंपनीचा पाहुणा. तो आमची भाषा बोलत नव्हता, पण सगळ्यांना मान लववून हसत होता. बाईंनी नियम सांगितले. "या बॉडीवर सात पोचे आहेत. आम्हीच मुद्दाम पाडलेत, त्यांचा नकाशा माझ्याकडे आहे. वीस मिनिटं. सापडलेल्या प्रत्येक पोच्याला एक गुण. नसलेल्या जागी खूण केली तर दोन गुण वजा." मग त्यांनी नावं वाचायला सुरुवात केली.

नऊ नावं होती. यांचं त्यांत नव्हतं. नववं नाव माझं होतं.

मला वाटलं, बाई चुकल्या. मी यांच्याकडे बघितलं. हे पायातल्या बुटांकडे बघत होते.

"नोटिशीत लिहिलं होतं," ते हळूच म्हणाले. "कारखान्यातला कुणीही कायम कामगार बसू शकतो. तुझ्या खात्याला अजून सहा दिवस आहेत. तू कायम आहेस."

"आणि तुमचं नाव?"

"मी दिलंच नाही."

"मला न विचारता?"

"विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस. मी गावभर हात शोधत फिरलो आणि हात घरातच. काखेत कळसा, दुसरं काय?"

मला भयंकर राग आला. म्हणजे ते मनगट धरणं, ते पिटुकलीच्या पाठीचं सांगणं, ही सगळी शिकवणी होती. आणि मी बया समजत होते की नवरा लाडात आलाय. त्याहून वाईट म्हणजे हा माणूस स्वतःची जागा सोडून मोकळा झाला होता, आणि मला ती त्याच्यासाठीच हवी होती. मी निघून जाणार होते. पाय उचललाही होता.

"जाऊ नकोस," ते म्हणाले. "जागा गेली तर जाऊ दे. हात जाऊ नये एवढंच बघ. कुणीतरी तो चालवला पाहिजे."

मी थांबले. राग गेला नव्हता. अजूनही सगळा गेलेला नाही.

आठ जण आधी झाले. जोडणीखात्यातला पैलवान, हे त्याचं टोपणनाव, सहा पोचे शोधून बसला, एकही चूक नाही. बाकीचे तीन-चारांच्या पुढे गेले नाहीत. प्रत्येकानंतर बाई खुणा पुसून घ्यायच्या. मग माझी पाळी आली. मागून कुणीतरी म्हणालं, "शिलाईच्या मावशी गाडीला परकर शिवतील." हशा पिकला. पाहुणाही न कळता हसला. मी मोजा चढवला आणि डोळे मिटले.

बॉनेटवर दोन. टपावर एक, अगदी कडेला. उजव्या दारावर दोन, एकमेकांना लागून. मला आजूबाजूचं काही ऐकू येत नव्हतं. दाबायचं नाही, तळव्याने जायचं, अडलं की पुढे जाऊन परत यायचं. डाव्या बाजूला पुढच्या चाकावर सहावा. मागच्या झाकणावर सातवा. बाई म्हणाल्या, "अजून तीन मिनिटं आहेत." त्यांच्या आवाजावरून मला कळलं की सातही बरोबर आहेत. पैलवानाने हात झटकले आणि तो मागे सरला.

डाव्या बाजूचा मागचा भाग तेवढा राहिला होता. सात झाले होते, थांबले असते तरी चाललं असतं. पण अर्धी शिवण सोडून उठायची मला सवय नाही. मी हात पुढे नेला, आणि मागच्या चाकाच्या वर, वीतभर अंतरावर, हात अडला.

पुढे गेले. परत आले. पुन्हा अडला. अगदी पुसट होता, पण होता.

मी डोळे उघडले, तर समोरच दाराच्या चौकटीत आतल्या बाजूला मेणाने एक गोल काढलेला आणि त्याखाली आडवी रेघ. ही यांची पास केल्याची खूण. कारखान्यात दुसरा कुणी अशी काढत नाही. परीक्षेसाठी बाईंनी मागच्या आवारातून उचललेली ही बॉडी थंडीनंतर कधीतरी यांच्याच हाताखालून गेली होती आणि हा पोचा त्यातून सुटला होता. पोचा होता हे मला पक्कं कळलं होतं. पण बाईंच्या नकाशात तो नव्हता. खूण केली तर दोन वजा, माझे राहणार पाच, आणि जागा पैलवानाची. आणि समजा त्यांनी पोचा मान्य केलाच, तर सगळ्या खात्यासमोर, पाहुण्यासमोर, तळव्याच्या हातून पोचा गेला हे मी, त्याच्या बायकोने, दाखवून दिल्यासारखं होणार. एकतीस वर्षांत कुणी म्हटलं नव्हतं ते. ते चांगल्या नावाने घरी जात होते. मी हात तसाच पुढे सरकवला, काही झालंच नाही असा, आणि दिव्यापाशी आणून काढून घेतला.

"झालं," मी म्हटलं.

"थांबलीस," हे म्हणाले.

सगळे त्यांच्याकडे वळले. ते माणसांतून पुढे आले होते.

"चाकाच्या वर. दोनदा थांबलीस."

"नाही."

"मी एकतीस वर्षं हेच काम केलंय. थांबलेला हात मला कळतो." त्यांचा आवाज अगदी शांत होता. "खूण कर."

मी मान हलवली. माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि मला तिथे सगळ्यांसमोर रडायचं नव्हतं. मी फक्त दाराच्या चौकटीकडे बघितलं. तेव्हा त्यांनीही बघितलं. स्वतःची खूण त्यांना ओळखू आली. पैलवानानेही ती ओळखली. तोही यांच्याच हाताखाली शिकलेला.

"मग तर करच," ते म्हणाले.

मी गोल काढला.

बाईंनी नकाशा पाहिला, पुन्हा पाहिला. "मावशी, इथे काही नाही. सातच आहेत. मला दोन वजा करावे लागतील."

"आठ आहेत," हे म्हणाले. "आठवा माझा आहे. मी सोडलेला. ही माझी खूण आहे, मीच पास केलीय ही बॉडी." आणि मग, कारण हा माणूस एकदा खरं बोलायला लागला की अर्ध्यावर थांबत नाही, त्यांनी सांगून टाकलं, "मनगट मुरगळलेलं नाही, बाई. हात गेलाय माझा. थंडीपासून. त्यानंतर माझ्या खुणेच्या जेवढ्या गाड्या आवारात असतील तेवढ्या परत तपासायला हव्यात. तीन आठवडे सांगायचं सांगायचं म्हणतोय."

बाईंनी पाहुण्याला त्याच्या भाषेत काहीतरी सांगितलं. हे कोपऱ्यात गेले आणि घासायचा सपाट दगड घेऊन आले. पत्र्यावरून असा दगड फिरवला की उंच जागा उजळतात आणि खोल जागेला दगड टेकतच नाही, ती काळपट राहते. मग कुणाच्या हातावर विश्वास ठेवावा लागत नाही. त्यांनी माझ्या गोलावरून दगड फिरवायला सुरुवात केली. चार वेळा फिरवला. आजूबाजूचा पत्रा लख्ख झाला आणि मधे नखाएवढा काळा ठिपका राहिला.

बाई वाकल्या, चष्मा वर करून बघितला. त्यांनी कागदावर सातचा आकडा खोडून आठ केला.

दगड बाजूला ठेवून यांनी दाराच्या चौकटीतली स्वतःची खूण अंगठ्याने पुसली. मेण लवकर निघत नाही. ते पुसत राहिले, अगदी निघेपर्यंत. मला त्यांचा हात धरावासा वाटला, पण माझ्या हातात अजून मोजा होता, तेलाने काळा झालेला.

मग पाहुणा पुढे आला. त्याने स्वतः मोजा घातला, त्या ठिपक्यावरून हात फिरवला, मान हलवली, परत फिरवला. त्याला काही लागलं नसावं. त्याने मला काहीतरी विचारलं आणि बाईंनी ते आमच्या भाषेत सांगितलं.

"ते विचारतायत, असा हात कुठे शिकलात? कोणी शिकवलं?"

मी यांच्याकडे बोट केलं.

"हा पोचा ज्यांच्या हातून सुटला ना," मी म्हटलं, "त्यांनीच शिकवलं."

बाई सांगू लागल्या. हे खाली मान घालून ऐकत होते, भाषा कळत नसताना. पाहुण्याने सगळं ऐकून घेतलं आणि यांच्यापुढे हात केला. यांनी चाचपायच्या नेहमीच्या सवयीने डावा पुढे केला, लक्षात आल्यावर मागे घेतला आणि उजवा दिला.